नकाशा तज्ज्ञांचा, हरकत लोकांची?

शहर असो की गाव, विकास आराखड्याची चर्चा निघाली की एक भूमिका हमखास मांडली जाते. मांडणारे लोक वाईट नसतात. निवृत्त नगररचनाकार असतात, जीआयएस शिकवणारे प्राध्यापक असतात, कधी सनदी अधिकारी असतात. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे: नकाशा हे तांत्रिक काम आहे. उपग्रह आणि ड्रोन आल्यापासून त्यात माणसाच्या लहरीला जागा उरलेली नाही. सामान्य माणसाला तो वाचता येत नाही. त्यामागचा कच्चा डेटा उघड केला तर गोंधळ वाढेल, दलालांचे फावेल, खटले होतील. तेव्हा नकाशा तज्ज्ञांनी करावा, पोर्टलवर लावावा आणि लोकांनी मुदतीत हरकती द्याव्यात. लोकसहभाग म्हणतात तो हाच.

ही भूमिका नुसती चुकीची असती तर एवढे लिहायचे कारण नव्हते. पण महाराष्ट्रात आणि गोव्यात गेल्या वीस वर्षांत जे आराखडे अडले, मागे घ्यावे लागले किंवा न्यायालयात गेले, त्यांतल्या बऱ्याचशांच्या मुळाशी हीच कामाची वाटणी आहे. रेषा त्यांनी ओढायच्या, आपण नंतर ओरडायचे. म्हणून या भूमिकेतले एकेक विधान उलगडून पाहायला हवे.

लोकांना नकाशा कळत नाही, असे म्हणणाऱ्याने एकदा तहसील कचेरीत पाणंद रस्त्याच्या दाव्याची सुनावणी ऐकावी. गाव नकाशावरची दुहेरी तुटक रेषा म्हणजे गाडीवाट आणि एकेरी तुटक रेषा म्हणजे पायवाट, हे सातवी शिकलेला शेतकरी तिथे वकिलाला समजावून सांगत असतो. ती रेषा कोणत्या गटाच्या बांधावरून जाते, वाटणी झाली तेव्हा कोणी ती नांगरून गिळली, मोजणीवाल्याने खूण कोणत्या दगडापासून धरली, हे सगळे त्याला पाठ असते. कारण उसाची ट्रॉली शेताबाहेर निघणार की नाही हे त्यावर ठरते. जमिनीचा तंटा चालवलेल्या घरात गटाचा नकाशा पोथीसारखा जपलेला सापडतो. मामलेदार न्यायालयाचा 1906 चा कायदा जिथे रस्त्याच्या भांडणात आजही वापरला जातो, त्या समाजाला नकाशातले काही कळत नाही म्हणणे धाडसाचे आहे.

कोल्हापूर-सांगलीकडे तर हे ज्ञान फुटांत मोजतात. राजाराम बंधाऱ्याची इशारा पातळी 39 फूट, धोका पातळी 43. सांगलीत आयर्विन पुलापाशी 40 आणि 45. पावसाळ्यात हे आकडे पेपरात आले की घराघरांत हिशेब सुरू होतो. अमुक फुटाला कोणत्या गल्लीत पाणी, तमुक फुटाला कोणता चौक बंद, किती फुटाला जनावरे हलवायची. 2005, 2019 आणि 2021 च्या पुराचे पाणी कुठवर आले होते ते लोक भिंतीवर हात ठेवून दाखवतात. पाण्याची पातळी आणि जमिनीची उंची यांचे नाते सांगणारी याहून नेमकी माहिती कोणत्या कार्यालयात मिळेल?

पूररेषा गणिताने काढतात. 25 वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची निळी, 100 वर्षांतून एकदा येणाऱ्याची लाल. गणित हवेच, त्याला कोणाची हरकत नाही. पण त्या गणिताचा पडताळा देणाऱ्या भिंती गावात उभ्या आहेत. त्यांची नोंद रेषेशेजारी मांडली, आणि रेषा काढताना नदीचे कोणते छेद घेतले, किती विसर्ग धरला हे उघड केले, तर बरेच वाद कागदावरच मिटतील. चिपळूणमध्ये जुलै 2021 च्या महापुरानंतर लोक वाशिष्ठीतला गाळ काढा म्हणून आंदोलनाला बसले आणि त्याच दमात निळ्या-लाल रेषांना विरोध करू लागले. वरवर पाहता यात स्वार्थ दिसतो, आणि थोडा असेलही. बाजारपेठेतल्या जागेवर बांधकामबंदी कोणाला हवी असते? पण त्या विरोधाच्या पोटात एक निखळ तांत्रिक प्रश्न होता. पात्र गाळाने भरलेले असताना काढलेली रेषा नदीची मानायची की गाळाची? याचे उत्तर हिशेब समोर ठेवूनच देता येते. लोकांना कळत नाही असे म्हणून ते टाळता येते, एवढेच.

आता उपग्रहाकडे वळू. उपग्रह खोटे बोलत नाही, असे ठासून सांगितले जाते. खरे आहे, तो मुळी काही बोलतच नाही. चित्रातून काय वाचायचे हे जमिनीवरचे कोणीतरी ठरवते. गुजरातमध्ये वनहक्काच्या हजारो वैयक्तिक दाव्यांचे हेच झाले. कायद्यातली अट अशी की 13 डिसेंबर 2005 पूर्वीपासून जमीन कसत असले पाहिजे. अधिकाऱ्यांनी उपग्रहचित्रे पाहिली, त्यांत शेत दिसत नाही म्हणून दावे फेटाळले. डोंगरउतारावरचा झाडांमधला नागलीचा तुकडा वरून शेतासारखा दिसत नाही, हे सांगायला आदिवासीच हवा होता, आणि त्याचे म्हणणे पुरावा म्हणून कोणी घेत नव्हते. प्रकरण उच्च न्यायालयात गेले. वनहक्क नियमांच्या 2012 च्या दुरुस्तीतच स्पष्ट लिहिले होते की उपग्रहचित्रे इतर पुराव्यांना पूरक म्हणून वापरता येतील, त्यांची जागा घेऊ शकणार नाहीत. न्यायालयाने 2013 मध्ये तेच उचलून धरले आणि फेटाळलेले दावे पुन्हा तपासायला लावले. या कथेचा उत्तरार्ध मला जास्त महत्त्वाचा वाटतो. तिथल्या कार्यकर्त्यांनी तंत्रज्ञानाकडे पाठ फिरवली नाही. गावकऱ्यांना जीपीएस यंत्र दिले, प्रत्येकाने आपल्या शेताला चालत वेढा घातला, आणि ती रेषा जुन्या उपग्रहचित्रांवर ठेवली. कसणाऱ्याने हद्द दाखवल्यावर त्याच जातीच्या चित्रांत शेत दिसू लागले.

गावठाणाच्या मोजणीत हीच गोष्ट सरकारनेच मान्य केली आहे, फक्त तिचा अर्थ कोणी काढत नाही. इंग्रजांनी शेतजमीन मोजली कारण सारा तिच्यावर होता. गावठाण बहुतेक ठिकाणी न मोजता सोडले. त्यामुळे शेताला सातबारा आणि घराला काहीच नाही, अशी अवस्था पिढ्यान्पिढ्या चालली. पुरंदर तालुक्यातल्या सोनोरी गावात ड्रोनने गावठाण मोजण्याचा प्रयोग झाला, राज्याने तो पुढे नेला आणि 24 एप्रिल 2020 ला केंद्राची स्वामित्व योजना सुरू झाली. ड्रोन उडवण्यापूर्वी काय करतात? गावकरी, ग्रामपंचायत आणि भूमी अभिलेखचे कर्मचारी मिळून घराघराची हद्द जमिनीवर चुन्याने आखतात. दोन घरांमधला बोळ कोणाचा, पडक्या वाड्याचा चौथरा कोणाच्या वाट्याचा, हे वर फिरणाऱ्या कॅमेऱ्याला दिसत नाही. चुना पडला की दिसते. म्हणजे काही सेंटिमीटरच्या अचूकतेचा जो गौरव होतो, ती अचूकता चुन्याच्या रेषेची असते, आणि ती रेषा शेजाऱ्या-शेजाऱ्यांच्या संमतीने पडलेली असते. चुना टाकताना कोण हजर होते याला म्हणूनच एवढे महत्त्व आहे. मुंबईत नोकरीला असलेला भाऊ आणि सासरी नांदणारी बहीण यांची आठवण त्या सकाळी कोण ठेवतो, हा नकाशाशास्त्राचाच प्रश्न आहे.

पश्चिम घाटाचे प्रकरण सर्वांत मोठे. माधव गाडगीळ समितीने 2011 मध्ये घाटाचे संवेदनशीलतेनुसार विभाग पाडले ते साधारण नऊ किलोमीटर लांबी-रुंदीच्या चौकटींवर. चौकट ढोबळ आहे हे समितीने लपवले नाही; अंतिम हद्दी ग्रामसभांशी बोलून खालून वर ठरवाव्यात, असेच तिचे म्हणणे होते. नंतर आलेल्या कस्तुरीरंगन समितीने 2013 मध्ये 24 मीटर क्षमतेची उपग्रहचित्रे वापरली. म्हणजे एकेक ठिपका साडेपाच गुंठ्यांहून थोडा मोठा. अचूकता कितीतरी पटींनी वाढली, याचा मोठा गाजावाजा झाला. पण मग गाव हे एकक धरले आणि नियम केला की ज्या गावाचे 20 टक्के किंवा त्याहून अधिक क्षेत्र संवेदनशील ठरते ते गाव सगळेच्या सगळे आत. चित्र गुंठ्यांत पाहिले, निर्णय अख्ख्या गावावर लावला. हा 20 चा आकडा कोणत्याही उपग्रहाने पाठवलेला नाही. तो माणसांनी बसून ठरवला, आणि ज्यांच्यावर तो लागणार होता त्या गावांशिवाय ठरवला. तो 10 का नाही, 40 का नाही, हे विचारायला दूरसंवेदनाची पदवी लागत नाही.

मार्च 2014 पासून जुलै 2024 पर्यंत केंद्राने घाटातल्या संवेदनशील क्षेत्राच्या अधिसूचनेचे सहा मसुदे काढले. प्रत्येक वेळी गावांच्या याद्या, प्रत्येक वेळी त्याच हरकती. दरम्यान सिंधुदुर्गातल्या काही ग्रामसभांनी आमचे गाव संवेदनशील क्षेत्रात घ्या, असे ठराव आपण होऊन केले होते. खाणी दाराशी आल्या होत्या आणि त्यांना त्या नको होत्या. त्याच सावंतवाडी-दोडामार्ग पट्ट्यातल्या 25 गावांसाठी शेवटी 2024 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाला आदेश द्यावा लागला. तज्ज्ञांच्या नकाशाने न पाहिलेली गोष्ट गावांच्या ठरावांत दहा-बारा वर्षे लिहिलेली होती.

डेटा उघड केला तर गोंधळ होईल, या भीतीचा निकालही याच प्रकरणात लागला. गाडगीळ समितीने अहवाल ऑगस्ट 2011 मध्ये दिला. केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाने तो दाबून ठेवला. माहितीच्या अधिकारात अर्ज झाला, केंद्रीय माहिती आयोगाने अहवाल द्या म्हणून आदेश दिला, मंत्रालय त्याविरुद्ध दिल्ली उच्च न्यायालयात गेले, तिथे हरले, आणि मे 2012 मध्ये अहवाल लोकांसमोर आला. मधल्या काळात आणि त्यानंतरही कोकणात काय पसरले? घराला वीट लावता येणार नाही, आंब्याला खत घालता येणार नाही, गाव उठवणार. नकाशा हातात नसल्याने अफवेला मोकळे रान मिळाले आणि खाणवाल्यांना बसल्या जागी पाठिंबा. जे लोक म्हणतात की कच्ची माहिती लोकांना दिली तर गैरसमज होतात, त्यांनी हे नऊ महिने डोळ्यांपुढे ठेवावेत. गैरसमज झाले, आणि ते माहिती न दिल्याने झाले.

मुंबईची गोष्ट उलट बाजूने तेच सांगते. 2034 पर्यंतचा प्रारूप विकास आराखडा फेब्रुवारी 2015 मध्ये प्रसिद्ध झाला. सल्लागार नामांकित, पद्धत आधुनिक, सगळे जीआयएसवर. लोकांनी आपापल्या विभागाचे पान उघडले आणि महिनाभरात त्याची चाळण केली. वारसा इमारती गायब, उभ्या इमारतींवरून आणि प्रार्थनास्थळांवरून रस्ते, कोळीवाड्यांचा आणि गावठाणांचा धड पत्ता नाही. हजारो हरकती आल्या आणि एप्रिल 2015 मध्ये मुख्यमंत्र्यांनी आराखडा मागे घेऊन सुधारण्याचे आदेश दिले. सुधारित मसुदा मे 2016 मध्ये आला, मंजुरी 2018 मध्ये. लोकसहभागामुळे वेळ जातो म्हणणाऱ्यांनी हा हिशेब मांडावा. विद्यमान भूवापराचे नकाशे चुकले आहेत हे शहरातल्या संस्था आणि रहिवासी मसुद्याच्या आधीपासून सांगत होते. पायाच तिरका आहे हे कळल्यावर वर मजले चढवले नसते तर तीन वर्षे वाचली असती. आणि चुका कोणी पकडल्या? दुसऱ्या सल्लागार कंपनीने नव्हे. सोसायटीचे सचिव, चर्चची मंडळी, कोळी समाजाच्या संस्था, वास्तुरचनेचे विद्यार्थी, यांनी.

पुढचा मुद्दा दलालांचा. डेटा मोकळा केला तर भूमाफियांच्या हाती कोलीत मिळेल, असे म्हणतात. भोळेपणा म्हणावा की आणखी काही, हे मला ठरवता येत नाही. नवा महामार्ग किंवा विमानतळ कुठून जाणार हे गावाला अधिसूचना निघाल्यावर कळते. तोवर मोक्याच्या जमिनी हात बदलून गेलेल्या असतात, हे महाराष्ट्रातल्या कोणत्याही तालुक्याच्या दुय्यम निबंधक कार्यालयाबाहेरचा चहावाला सांगेल. बंद नकाशा ज्याच्यासाठी बंद राहतो तो माणूस दलाल नसतो. पुण्यात पूररेषा चुकीच्या आखल्या आहेत, हे प्रकरण नागरिकांनी उच्च न्यायालयात नेले. रेषा सरकल्याचा फायदा ज्यांना होणार होता त्यांना नकाशा शोधत फिरावे लागले नसणार. नागरिकांना फिरावे लागले.

नकाशे बंद ठेवायला दिले जाणारे देशाच्या सुरक्षेचे कारण तर सरकारनेच निकालात काढले. सर्व्हे ऑफ इंडियाची स्थापना 1767 ची. तिथले तपशीलवार नकाशे मिळवणे सामान्य माणसाला दीर्घकाळ दुरापास्त होते. 2005 च्या नकाशा धोरणाने थोडे दार उघडले. 2017 मध्ये संकेतस्थळावरून नकाशे मोफत मिळू लागले, पण त्यासाठी आधार क्रमांक देणे भाग होते. मग 15 फेब्रुवारी 2021 च्या मार्गदर्शक तत्त्वांनी भारतीय कंपन्यांना भूस्थानिक माहिती गोळा करायला आणि विकायला पूर्वपरवानगीची गरज उरली नाही असे जाहीर केले, आणि 2022 च्या डिसेंबरमध्ये राष्ट्रीय भूस्थानिक धोरणही आले. चांगलेच झाले. पण त्यातून निघालेला विरोधाभास पाहा. घरपोच जेवण देणाऱ्या कंपनीला गावाचा नकाशा करायला कोणाला विचारावे लागत नाही, आणि त्या गावाच्या ग्रामसभेला आपल्याच शिवाराचे गायरान, ओढे आणि शिवरस्ते एका फाइलमध्ये हवे असतील तर अर्ज, शुल्क आणि हेलपाटे. सुरक्षेचा प्रश्न कंपनीपाशी संपला आणि ग्रामपंचायतीपाशी शिल्लक राहिला?

यावर उत्तर येते की सगळे पोर्टलवर आहे की. आहे. भूनकाशावर गट दिसतो, इस्रोच्या भुवनवर उपग्रहचित्र दिसते, पंचायत राज मंत्रालयाचे ग्राम मानचित्र आहे, पालिकेच्या संकेतस्थळावर आराखड्याची पाने आहेत. दिसते सगळे, वापरता येत नाही. आराखड्याचे पान म्हणजे पीडीएफ. मोठे करावे तर अक्षरे फुटतात, रंगांची सूची दुसऱ्याच पानावर, आणि आपल्या वस्तीच्या विहिरी किंवा स्मशानभूमी त्यावर ठेवून पाहायची सोय नाही. हरकत नोंदवायची तर सर्व्हे क्रमांक लिहावा लागतो आणि पानावर तोच वाचता येत नाही. मुदत महिन्या-दोन महिन्यांची. माझ्या मते ज्या नकाशाचे थर उतरवून घेता येत नाहीत, त्यांवर आपली माहिती ठेवून पाहता येत नाही, तो प्रदर्शनात मांडलेला नकाशा आहे. नियोजनाच्या कामाचा नाही.

थर हातात आले की सामान्य वस्ती काय करू शकते, हे पुण्यातल्या शेल्टर असोसिएट्स या संस्थेने दाखवून दिले आहे. 1993 पासून ही संस्था पुणे, सांगली आणि इतर शहरांतल्या वस्त्यांचे घरागणिक नकाशे वस्तीतल्या लोकांना घेऊन करते. कोणत्या घराला शौचालय नाही आणि मलवाहिनी त्याच्यापासून किती लांब आहे, हे एका नकाशावर आले की घरोघरी शौचालयाचा हिशेब मांडता येतो. सार्वजनिक शौचालयाची आणखी एक रांग बांधून मोकळे होण्यापेक्षा हे कठीण काम आहे, आणि ते नकाशाशिवाय अशक्य होते. पालिकेच्या नकाशावर या वस्त्या पुष्कळदा एका रंगाचा नुसता डाग असतात. केरळात 1990 च्या दशकात शास्त्र साहित्य परिषदेच्या स्वयंसेवकांनी कल्याश्शेरीसारख्या पंचायतींत भूमापनाचे नकाशे हातात घेऊन गावाच्या साधनसंपत्तीची नोंद केली होती, तेव्हा तर गावोगावी संगणकही नव्हते.

आता आपल्याच बाजूच्या काही मित्रांशीही भांडले पाहिजे. त्यांचा सूर असा: नकाशा हे सत्तेचे हत्यार आहे, मोजणी झाली की जमीन जाते, म्हणून गावाने नकाशाच्या वाटेला जाऊ नये. इतिहास त्यांच्या बाजूने आहे. मोजणीदाराच्या साखळीमागून काय आले हे आदिवासी भागाला विचारावे. तरी निष्कर्ष चुकतो. आपण नकाशा न काढल्याने आपली जागा नकाशाबाहेर राहत नाही; ती दुसऱ्याच्या नकाशात रिकामी दाखवली जाते. किनारा नियमन क्षेत्राच्या 2011 च्या अधिसूचनेत मासेमारी गावे, मच्छीमारांच्या सामाईक जागा, मासे सुकवण्याच्या जागा, जेट्टी हे सगळे नकाशावर दाखवा असे लिहिलेले आहे. गोव्याच्या किनारा आराखड्यात खाजने (बांध घातलेली खाडीकाठची शेते), वाळूच्या टेकड्या, मच्छीमारांच्या वस्त्या नीट आलेल्या नाहीत म्हणून गावांनी ओरड केली. 2021 च्या मार्चमधली जनसुनावणी गोंधळात उरकली गेली आणि हरित लवादाने ती पुन्हा घ्यायला लावली. तिथे ज्या गावांनी आपला नकाशा करून नेला होता त्यांच्या हाती काहीतरी ठोस होते. मुंबईच्या कोळीवाड्यातली बोंबील सुकवायची मोकळी जागा कागदावर नसली तर ती मोकळीच समजली जाते, आणि मोकळ्या जागेचे मुंबईत काय होते हे सांगायला नको.

गडचिरोलीत हे शहाणपण आधी आले. मेंढा (लेखा) गावाला 2009 मध्ये सुमारे 1,800 हेक्टर जंगलावर सामूहिक वनहक्क मिळाला आणि त्यानंतर शेकडो गावांनी दावे केले. निस्तारपत्रकासारख्या जुन्या नोंदी बाहेर काढल्या, म्हाताऱ्यांना पुढे घालून सीमेवरून चालले, जीपीएसवर बिंदू घेतले. शेजारच्या गावाशी सीमेचा वाद निघाला तर दोन्ही वनहक्क समित्यांनी एकत्र बसून तो सोडवायचा, अशी तरतूद नियमांत आहे. त्या बैठका पाहिलेल्या कोणालाही विचारा, नकाशा तिथेच तयार होतो. यंत्र फक्त उतरवून घेते.

शेवटी गोवा, कारण तिथे लोकसहभाग खरोखर झाला आणि तरीही घोटाळा झाला. प्रादेशिक आराखडा 2011 हा ऑगस्ट 2006 मध्ये अधिसूचित झाला. डोंगरउतार आणि बागायती वसाहत क्षेत्रात रंगवलेल्या पाहून लोक रस्त्यावर आले, गोवा बचाव अभियान उभे राहिले, आणि जानेवारी 2007 मध्ये सरकारला तो मागे घ्यावा लागला. मग वास्तुरचनाकार चार्ल्स कोरिया यांच्या सहभागाने कृती दल नेमले गेले. आराखडा 2021 साठी गावागावांना सर्व्हे क्रमांकांसह नकाशे दिले, पंचायतींनी ते फिरून तपासले, कोमुनिदादच्या, म्हणजे गावच्या सामुदायिक, जमिनी, झरे, खाजनांचे बांध दाखवले. देशात एवढ्या बारकाईने गावे नियोजनाला बसल्याची उदाहरणे थोडी. परंतु अंतिम नकाशे आले तेव्हा ते आम्ही दिलेल्यापेक्षा वेगळे आहेत, अशी तक्रार अनेक गावांनी केली. 2012 मध्ये आराखडा स्थगित झाला, काही वर्षांनी पुन्हा वापरात आला. आणि 2023 मध्ये नगरनियोजन कायद्यात 17(2) हे कलम घातले गेले: आराखड्यात अनवधानाने राहिलेल्या चुका जमीनमालकाच्या अर्जावर दुरुस्त करण्यासाठी. एकेक भूखंड, एकेक अर्ज, भातशेतीची आणि बागायतीची वसाहत. मार्च 2025 मध्ये उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने त्याखालचे नियम आणि मार्गदर्शक तत्त्वे रद्द केली.

नकाशा तज्ज्ञांवर सोडा म्हणणारी मंडळी म्हणतील, बघा, सहभाग घेऊनही शेवट न्यायालयातच. मी याचा अर्थ वेगळा लावतो. गावांनी नकाशे दिले, पण त्यांच्या नकाशातून अंतिम नकाशात काय गेले आणि काय गाळले, याची थरनिहाय नोंद कोणाच्या हाती नव्हती. ती असती तर एखादी चूक अनवधानाची की जाणूनबुजून केलेली, हे गावाला एका संध्याकाळी दाखवता आले असते. चूक दुरुस्त करण्याचा अर्जही मग मालकाच्या खासगी फाइलीत न राहता ग्रामसभेपुढे आला असता.

म्हणून मागणी नेमकी करावी. मसुद्याआधी विद्यमान भूवापराचा नकाशा ग्रामसभेत किंवा प्रभागात चालत तपासला जावा. जलयुक्त शिवार योजनेच्या कामांआधी शिवारफेरी काढत तशी. हरकतींची मुदत सर्व थर उतरवून घेता येतील अशा रूपात प्रसिद्ध झाल्याच्या दिवसापासून मोजावी. प्रत्येक हरकतीचे काय केले ते कारणासह त्याच नकाशावर दिसावे. मंजुरीनंतरचा प्रत्येक बदल तारखेसह वेगळ्या रंगात राहावा. व्यक्तींची नावे आणि घरांतली खासगी माहिती अर्थात वगळावी.

याला खर्च फार येईल, हा शेवटचा आक्षेप असतो. सल्लागार जीआयएसवर आराखडा करतो तेव्हा सगळे थर त्याच्या संगणकात असतातच आणि त्यांचे पैसे करातून चुकते झालेले असतात. त्यांची पीडीएफ करायची तर उलट एक पायरी जास्त लागते.